पांच थैल्या, एक हिशेब

संगणकावरच्या लढाईच्या खेळांविषयीं सुशिक्षित घरांतून एक तक्रार नेहमीं ऐकूं येते. मुलें दार लावून बसतात, बंदुका झाडतात, आणि या सगळ्यांत डोक्याला काम असें कांहीं नसतें. तक्रारीचा पहिला भाग नाकारण्याचें कारण नाहीं. दुसरा भाग मात्र निदान एका खेळापुरता खरा नाहीं. 'काउंटर-स्ट्राइक' या खेळांत बंदूक झाडण्यापूर्वीं ती विकत घ्यावी लागते. आणि विकत घेण्यापूर्वीं पांच सोबत्यांना मिळून ठरवावें लागतें कीं, या खेपेस खर्च करावयाचा, कीं हात आंखडता घ्यावयाचा. हा निर्णय करण्यास त्यांना जेमतेम पंधरा-वीस सेकंद मिळतात. गेल्या पंचवीस वर्षांत या पंधरा-वीस सेकंदांचें एक लहानसें अर्थशास्त्रच तयार झालें आहे, आणि खेळाचा इतिहास पाहूं गेल्यास तो नेमबाजीपेक्षां या अर्थशास्त्रांतच अधिक सांपडतो.

खेळाचा जन्म विद्यार्थ्यांच्या हातून झाला. १९९८ सालीं अमेरिकेंतील वाल्व कंपनीनें 'हाफ-लाइफ' नांवाचा खेळ प्रसिद्ध केला होता. त्याचा सांगाडा घेऊन मिन ली आणि जेस क्लिफ या दोघांनीं एक निराळाच खेळ रचला. ली हा कॅनडांतील सायमन फ्रेझर विद्यापीठाचा विद्यार्थी; क्लिफ अमेरिकेंत शिकत होता. १९९९ च्या जूनमध्यें त्यांची पहिली प्रायोगिक आवृत्ति लोकांच्या हातीं पडली. आरंभीं ओलिसांची सुटका एवढाच विषय होता. त्याच वर्षाच्या अखेरीस बाँब पेरण्याचा व तो निकामी करण्याचा प्रकार आला, आणि पुढें तोच मुख्य झाला. २००० सालीं वाल्व कंपनीनें खेळाचे हक्क विकत घेतले व नोव्हेंबरांत तो दुकानांत ठेवला. मुंबई-पुण्याकडे त्यानंतरच्या दशकांत जे सायबर कॅफे निघाले, तेथें ताशीं दरानें बसून हा खेळ खेळणारीं पोरें पुष्कळांना आठवत असतील. त्यांच्या खिशांतले खरे पैसे तासाबरोबर सरत, आणि पडद्यावरचे फेरीबरोबर.

या पडद्यावरच्या पैशांचे नियम थोडक्यांत असे. स्पर्धेंत पांच विरुद्ध पांच गडी असतात. एक पक्ष हल्लेखोरांचा, दुसरा रक्षकांचा. सामना लहान लहान फेऱ्यांचा बनलेला असतो आणि अर्धा डाव झाला कीं पक्षांची अदलाबदल होते. प्रत्येक अर्ध्या डावाच्या आरंभीं प्रत्येक गड्याजवळ ८०० डॉलर असतात, आणि कितीहि मिळविले तरी १६,००० च्या वर शिल्लक जात नाहीं. हे डॉलर अर्थात् पडद्यावरचेच. त्यांनीं बाजारांत चहाचा पेलाहि मिळावयाचा नाहीं. परंतु खेळांत त्यांची किंमत जिवाएवढी आहे. २०१२ नंतरच्या आवृत्तींत हल्लेखोरांची आवडती एके-४७ बंदूक २,७०० ला मिळे. शिरस्त्राणासह चिलखत १,००० ला, शिरस्त्राणाशिवाय ६५० ला. एका गोळींत माणूस आडवा करणारी, दुर्बिणीची एडब्ल्यूपी बंदूक ४,७५० ला. शिवाय धुराचे गोळे, डोळे दिपविणारे गोळे, हातबाँब, हीं सगळीं निरनिराळ्या किंमतींचीं. जो फेरींत मेला त्याचें सारें गेलें. जो जिवंत राहिला त्याचें शस्त्र पुढच्या फेरींत त्याच्याच हातांत राहतें. शत्रूचा एक गडी मारल्याबद्दल ठराविक बक्षीस, फेरी जिंकल्याबद्दल प्रत्येकास तीन हजारांहून अधिक रक्कम, अशी मिळकत.

येथपर्यंत सारें अपेक्षेप्रमाणें आहे. नवल पुढेंच आहे. या खेळांत हरणाऱ्यालाहि पैसे मिळतात, आणि तो जों जों लागोपाठ हरत जाईल तों तों ते वाढत जातात: पहिल्या पराभवाला १,४००, मग १,९००, २,४००, २,९०० आणि शेवटीं ३,४००. बुद्धिबळांत ज्याचा वजीर गेला त्याला कोणी प्यादें भेट देत नाहीं. पत्त्यांच्या डावांत हुकूम संपलेल्याची कोणी कीव करीत नाहीं. येथें मात्र खेळाच्या नियमांतच पराभूतासाठीं एक अन्नछत्र उघडलेलें आहे. तें नसतें, तर पहिली फेरी जिंकणारा पक्ष चांगल्या बंदुका घेऊन दुसरीहि जिंकता, आणि मग सामना शेवटपर्यंत पाहण्याचें कोणास कारणच उरलें नसतें. परंतु हें अन्नछत्र किती मोठें असावें, हा प्रश्न त्या क्षणापासून खेळाच्या मागें लागला तो आजतागायत सुटलेला नाहीं.

आतां खेळाडूंची बाजू पहावी. पैसे ज्याचे त्याच्या थैलींत असतात. एका गड्याला आपले पैसे दुसऱ्याला देतां येत नाहींत. परंतु विकत घेतलेली बंदूक जमिनीवर टाकतां येते, आणि ती सोबत्यानें उचललेली चालते. म्हणजे रोकड खाजगी, पण वस्तु सामायिक. ज्यांनीं एकत्र कुटुंबांत दिवस काढले आहेत त्यांना हा प्रकार समजावून सांगावयास नको. मिळवता भाऊ रोख रक्कम कोणाच्या हातावर ठेवणार नाहीं, पण पुतण्याच्या अंगांत नवा सदरा मात्र त्याच्याच पैशानें येतो. आरंभीच्या काळांत प्रत्येक गडी आपापल्या थैलीप्रमाणें खरेदी करी: ज्याच्याजवळ होतें तो बंदूक घेई, ज्याच्याजवळ नव्हतें तो पिस्तूल घेऊन तिच्या मागें धांवे, आणि दोघेहि मरत. स्पर्धा भरूं लागल्या, त्यांत बक्षिसें लागलीं, तेव्हां शहाण्या संघांच्या लक्षांत आलें कीं, थैल्या पांच असल्या तरी हिशेब एकच असला पाहिजे.

हें किती नेमकें आहे तें एका उदाहरणानें कळेल. पहिल्या फेरींत गड्यानें ८०० पैकीं ६५० चें चिलखत घेतलें, शिल्लक १५०. फेरी हरली. पराभवाची मदत १,४०० धरून हातांत १,५५० आले. आतां दुसरी फेरी. तींत हे दीड हजार खर्चून बरेंसें पिस्तूल घेतलें आणि पुन्हां हरला, तर तिसऱ्या फेरीच्या आरंभीं हातांत नुसते १,९०० उरतात. त्यांत बंदूक येत नाहीं. उलट दुसऱ्या फेरींत त्यानें एक पैसाहि खर्च केला नाहीं, हातांतल्या फुकटच्या पिस्तुलानिशीं मुकाट्यानें मरण पत्करलें, तर १,५५० आणि १,९०० मिळून ३,४५० होतात. एके-४७ आणि साधें चिलखत मिळून ३,३५०. शंभर डॉलर शिल्लक टाकून तो तिसरी फेरी बरोबरीच्या हत्यारानें लढूं शकतो. या मुद्दाम हरण्याच्या फेरीला खेळाडू 'इको' म्हणतात. काटकसर या अर्थाच्या इंग्रजी शब्दाचें तें लघुरूप आहे. सारें उधळून जुगार खेळण्याला 'फोर्स' आणि पुरत्या तयारीनें उतरण्याला 'फुल बाय' असें म्हणण्याची चाल आहे.

येथें सर्वांत वाईट गोष्ट कोणती? उधळपट्टी नव्हे, कंजुषीहि नव्हे. पांचांपैकीं तिघांनीं खर्च केला आणि दोघांनीं राखला, ही. मग तिघे अपुऱ्या बळानें मरतात, दोघे निष्कारण मरतात, आणि तिसऱ्या फेरींत दोघांजवळ बंदुका व तिघांजवळ हात चोळणें एवढेंच राहतें. एकमतानें केलेली चूकसुद्धां या अर्धवट शहाणपणापेक्षां परवडते. जुन्या आवृत्त्यांत सोबत्याजवळ किती पैसे आहेत हें पडद्यावर दिसतहि नसे. प्रत्येकानें आपला आंकडा ओरडून सांगावा आणि कप्तानानें तो मनांत मांडावा, अशी रीत होती. शत्रूची वही तर कधींच उघडी नसते. त्याचे किती मेले, किती बंदुका वांचल्या, लागोपाठ किती फेऱ्या हरला, यावरून ती अंदाजानें लिहावी लागते. समोरचा या फेरींत कफल्लक आहे हें ज्याला कळलें, तो निर्धास्तपणें पुढें सरसावतो. ज्याचा अंदाज चुकला तो कोपऱ्यावर बंदुकीच्या तोंडीं जातो.

नियम करणाऱ्यांनींहि मधून मधून प्रयोग केले. त्यांतला एक चमत्कारिक होता. २००४ सालीं खेळाची 'सोर्स' ही आवृत्ति निघाली होती. २००६ च्या ऑक्टोबरांत तींत शस्त्रांच्या किंमती मागणीप्रमाणें ठरविण्याची सोय करण्यांत आली. जगभरच्या खेळाडूंनीं गेल्या आठवड्यांत जें अधिक घेतलें तें या आठवड्यांत महाग, जें पडून राहिलें तें स्वस्त. पुस्तकांतलें अर्थशास्त्र जसेंच्या तसें खेळांत उतरलें. पण जो कप्तान वर्षभर एका किंमतीवर आपलें गणित बसवितो, त्याला सोमवारीं निराळी आणि पुढच्या सोमवारीं निराळी किंमत असून कसें चालावें? सट्टेबाजाला हें मानवेल, संसारी माणसाला नव्हे. ही पद्धति टिकली नाहीं, आणि पुढच्या आवृत्त्यांत किंमती पुन्हां ठराविकच झाल्या.

२१ ऑगस्ट २०१२ रोजीं 'ग्लोबल ऑफेन्सिव्ह' ही आवृत्ति प्रसिद्ध झाली, आणि तींत निराळ्या दिशेनें बदल झाला. पूर्वीं कोणत्याहि शस्त्रानें शत्रु मारला तरी बक्षीस ३०० च असे. आतां सुरीनें मारल्यास १,५००, आखूड पल्ल्याच्या स्वस्त बंदुकांनीं मारल्यास बहुधा ६००, आणि महागड्या एडब्ल्यूपीनें मारल्यास अवघे १०० असा दर झाला. गरिबाच्या हत्याराला अधिक मजुरी, असेंच म्हणावयाचें. त्यानंतरच्या दोनतीन वर्षांत मात्र पारडें भलत्याच बाजूला झुकलें. २०१४ सालीं आलेलें सीझेड-७५ हें पिस्तूल ३०० डॉलरला मिळे आणि जवळून चिलखती गड्यालाहि क्षणांत लोळवी. तेव्हां काटकसर करणारा आणि खर्च करणारा यांत फरक काय राहिला? त्याची किंमत ५०० करावी लागली. २०१५ च्या डिसेंबरांत आलेलें आर-८ रिव्हॉल्व्हर तर असें भयंकर निघालें कीं, कांहीं दिवसांतच त्याचे दांत उपटावे लागले. स्वस्त हत्यार फार चांगलें झालें म्हणजे राखून ठेवण्याला अर्थ उरत नाहीं, आणि राखणें संपलें म्हणजे या खेळाचें निम्में डोकें संपतें.

२०१६ सालची गोष्ट याहून महत्त्वाची आहे. तोंवर पुष्कळ संघांनीं आपल्यामागें एक शिक्षक बसविण्यास आरंभ केला होता. तो स्वतः खेळत नसे, पण सामना चालू असतां पांचहि जणांशीं बोले. आणि त्याचें मुख्य काम बहुतेकदां हिशेबनिसाचें असे. कोणाजवळ किती, शत्रूजवळ किती, या फेरींत घ्यावयाचें कीं नाहीं, हें तो शांतपणें मागून सांगे, आणि पांच गडी नेम धरण्यास मोकळे राहत. त्या वर्षाच्या ऑगस्टांत वाल्व कंपनीनें आपल्या मोठ्या स्पर्धांपुरता असा नियम केला कीं, शिक्षकानें सामन्यापूर्वींच्या सरावांत, मध्यंतरांत, किंवा अर्ध्या अर्ध्या मिनिटाच्या चार विश्रांतींतच काय तें बोलावें. एरवीं मुकाट्यानें बसावें. कारण देतांना कंपनीनें ज्या कौशल्यांचा उल्लेख केला त्यांत पैशाचा हिशेब ठेवणें हें एक होतें: तें खेळाचेंच अंग आहे, आणि तें सहाव्या माणसाच्या गळ्यांत घालतां येणार नाहीं.

त्या वेळीं यावर पुष्कळ ओरड झाली. ज्यांनीं शिक्षकांवर पैसा व वेळ घातला होता त्यांची तक्रार रास्तच होती, आणि नियम एकाएकीं आला हेंहि खरें. तरी निर्णयामागचें तत्त्व नाकारणें कठीण आहे. कारकून ठेवून संसार चालविणें निराळें आणि स्वतः चालविणें निराळें. गोळ्यांच्या वर्षावांत ज्याला साडेतीन हजारांतून सत्तावीसशें वजा करतां येतात आणि सोबत्याच्या थैलींतील तूट आठवते, त्याला नुसत्या चपळ बोटांच्या खेळाडूहून अधिक गुण मिळावेत, यांत अन्याय नाहीं. तो निर्बंध पुढें कित्येक वर्षें चालला. त्याच काळांत डेन्मार्कच्या ॲस्ट्रॅलिस संघानें २०१७ ते २०१९ या तीन वर्षांत चार जागतिक अजिंक्यपदें मिळविलीं, त्यांपैकीं शेवटचीं तीन लागोपाठ. त्यांचा कप्तान लुकास रोसांडर हा खेळाडूंच्या रांगेंतूनच सारी सूत्रें हलवी. या संघाचा लौकिक धुराच्या आणि डोळे दिपविणाऱ्या गोळ्यांच्या नेमक्या वापराचा. ती किरकोळ खरेदी इतर संघ उरलेल्या पैशांतून करीत. ॲस्ट्रॅलिसनें ती आधीं मांडली.

काटकसरीचें दुसरें टोंक रशियाच्या झामी अली या खेळाडूनें दाखविलें. खेळांत तो 'जेम' या नांवानें ओळखला जातो, एडब्ल्यूपी चालवितो, आणि कप्तानहि असतो. फेरी हातची गेली असें दिसलें कीं तो लढत बसत नाहीं. बंदूक घेऊन दूर कोपऱ्यांत निघून जातो आणि वेळ संपण्याची वाट पाहतो. प्रेक्षक यावर हंसत, आणि 'जेमची वेळ' असा एक कुचेष्टेचा वाक्प्रचारहि रूढ झाला. परंतु हिशेब जेमच्या बाजूचा आहे. ४,७५० ची बंदूक आणि १,००० चें चिलखत मिळून ५,७५० होतात, आणि पराभवाची सर्वांत मोठी मदत ३,४०० ची. एकट्यानें तिघांवर चालून जाऊन वीरमरण पत्करणें पाहणाऱ्यास गोड वाटतें. त्याचा खर्च मात्र पुढच्या फेरींत उरलेले चौघे भरतात. मराठी माणसाला, ज्याच्या इतिहासांत वेळेवर घेतलेल्या माघारीचा मान कमी नाहीं, यांत हंसण्यासारखें फारसें वाटूं नये. अर्थात् नियमांत यालाहि एक लगाम आहे: हल्लेखोर पक्षाचा गडी बाँब न पेरतां वेळ संपेपर्यंत लपून वांचला, तर त्याला पराभवाची मदत मिळत नाहीं. भित्र्याला अन्नछत्राचें दार बंद. २०१९ सालीं जेमचा संघ बर्लिनच्या अजिंक्यपदाच्या अंतिम सामन्यांत ॲस्ट्रॅलिसकडून हरला. २०२२ च्या नोव्हेंबरांत रिओ द जानिरो येथें त्याच्या 'आउटसायडर्स' संघानें डेन्मार्कच्या हीरोइकला दोन शून्य असें हरवून तें पद मिळविलें, आणि स्पर्धेंतील सर्वोत्कृष्ट खेळाडूचा मानहि जेमलाच मिळाला.

अन्नछत्राच्या आकाराचा प्रश्न मात्र मध्यंतरीं पुन्हां उभा राहिला होता. जुन्या नियमाप्रमाणें एक फेरी जिंकली कीं पराभवाची पायरी एकदम तळाला येई. चार फेऱ्या हरलेला संघ सर्वस्व पणाला लावून पांचवी जिंके. त्यांत त्याचे तीन-चार गडी मरत, बंदुका जात. आणि सहावी हरली तर मदत पुन्हां १,४०० पासून. म्हणजे त्या एका विजयानेंच तो संघ दरिद्री होई. हरतच राहिला असता तर बरें होतें, अशी वेळ येई. जो नियम माणसाला जिंकल्याचा पश्चात्ताप करावयास लावतो तो नियम चांगला म्हणतां येणार नाहीं. २०१९ च्या मार्चमध्यें तो बदलला. विजयानंतर मदत तळाला न येतां एक पायरी खालीं येऊं लागली. आणि अर्ध्या डावाची पहिलीच फेरी हरणाऱ्याला १,४०० ऐवजीं १,९०० मिळूं लागले. वरच्या उदाहरणांतील गड्याचा हिशेब आतां असा होतो: १५० आणि १,९०० मिळून २,०५०, दुसरी फेरी राखून हरली कीं आणखी २,४००, एकूण ४,४५०. त्यांत एके-४७ व पुरतें चिलखत घेऊन ७५० उरतात, म्हणजे धुराचा एक आणि डोळे दिपविणारे दोन गोळे. पूर्वीं तो तिसऱ्या फेरींत अर्धपोटीं उतरे; आतां जेवून उतरतो. पहिली फेरी जिंकणाऱ्यांची कुरकुर सुरू झाली कीं आमच्या विजयाचें मोल घटलें. तें घटलेंच, आणि पूर्वीं तें जरा जास्तच होतें.

२०२० सालीं रायट कंपनीनें 'व्हॅलोरंट' नांवाचा याच जातीचा खेळ काढला. त्यानेंहि आरंभींचे ८०० आणि पराभवाची चढती मदत उचलली; शिलकीची मर्यादा मात्र ९,००० वर आणली, आणि सोबत्याकडे बंदूक मागण्यासाठीं खरेदीच्या तक्त्यांतच सोय करून दिली. मागणें आतां ओरडून करावें लागत नाहीं.

२७ सप्टेंबर २०२३ रोजीं 'काउंटर-स्ट्राइक २' आला. त्याबरोबर स्पर्धांतील सामना ३० फेऱ्यांऐवजीं २४ फेऱ्यांचा झाला. जिंकण्यास १६ लागत, तेथें १३ पुरूं लागल्या. नवीन मापाचें पहिलें जागतिक अजिंक्यपद २०२४ च्या मार्चमध्यें कोपनहेगन येथें युक्रेनच्या नॅटस व्हिन्सेरे संघानें मिळविलें. किंमती आणि मदत जवळ जवळ पूर्वीच्याच राहिल्या, पण अर्धा डाव पंधरावरून बारा फेऱ्यांचा झाल्यानें राखून हरलेली एक फेरी आतां जड पडते. पंधरा खोल्यांच्या वाड्यांत एक खोली कुलूप लावून ठेवणें निराळें आणि बारा खोल्यांच्या वाड्यांत निराळें. अर्ध्या डावाच्या शेवटच्या फेरींत तर शिलकीला किंमतच नसते, कारण बाजू बदलली कीं सर्वांच्या थैल्या पुन्हां ८०० वर येतात. तेव्हां त्या फेरींत सारेच उधळतात.

या आवृत्तींत आणखी एक लहानशी सोय झाली आहे. खरेदीची मुदत संपण्यापूर्वीं, घेतलेली वस्तु वापरली नसेल तर ती परत करून पैसे पुन्हां थैलींत घालतां येतात. पूर्वीं एखाद्या उतावळ्या गड्यानें कप्तानाचें ऐकण्याआधींच बंदूक घेतली कीं ती घेतलीच. मग उरलेल्या चौघांना त्याच्या चुकीबरोबर खर्च तरी करावा लागे, किंवा त्याला एकट्याला मरूं द्यावें लागे. आतां कप्तान "या फेरींत कांहीं घ्यावयाचें नाहीं" असें म्हणाला, आणि तो शब्द दोन सेकंद उशिरां कानावर आला, तरी तो गडी बंदूक गुपचुप जागच्या जागीं ठेवून देतो.